जत्रेंतील बक्षिसाचें गणित

शाळेच्या वार्षिकांत जत्रेंतील खेळांविषयीं लेख यावा, हें कांहीं वाचकांस रुचणार नाहीं, ह्याची मला जाणीव आहे. भाषा, आरोग्य, चारित्र्य, समाजसेवा असे गंभीर विषय हाताशीं असतांना रिंग फेकून साबणदाणी जिंकण्याच्या खटाटोपावर एका शिक्षकानें कागद कां काळा करावा, असें कोणी विचारलें तर तो प्रश्न वाजवीच होईल. परंतु ज्या गोष्टीपायीं आमच्या विद्यार्थ्यांचे पैसे, वेळ आणि क्वचित् अब्रूहि खर्चीं पडते, तिला क्षुल्लक म्हणून सोडून देणें मला योग्य वाटत नाहीं. शिवाय ह्या खेळांत भूमिति आहे, पदार्थविज्ञान आहे आणि संभाव्यतेचें गणितहि आहे. हे तिन्ही विषय आम्ही फळ्यावर शिकवितों. पण जत्रेच्या गर्दींत शिरतांच मुलें ते घरीं ठेवून येतात.

गेल्या वर्षीं गांवच्या जत्रेच्या दुसऱ्या दिवशीं नववींतील एक मुलगा मधल्या सुटींत माझ्याकडे आला आणि कांहीं न बोलतां उभा राहिला. वर्गाच्या सहलीची वर्गणी गोळा करण्याचें काम मीं त्याच्याकडे दिलें होतें, कारण हिशेबांत तो चोख. त्या वर्गणीपैकीं दोनशें रुपये त्यानें आदल्या सायंकाळीं रिंग फेकण्याच्या दुकानावर घालविले होते. आरंभ स्वतःच्या वीस रुपयांनीं झाला. वीस रुपयांस पांच रिंगा. चौकोनी लाकडी ठोकळ्यावर एक मनगटीं घड्याळ ठेविलेलें. रिंग ठोकळ्यावरून खालीं जाऊन फळीवर टेकली कीं घड्याळ आपलें. पहिल्याच डावांत एक रिंग घड्याळावरून गेली व ठोकळ्याच्या कोपऱ्यावर अडकून राहिली. "सर, अगदीं थोडक्यांत गेली," असें तो मला सांगत होता. आणि त्या 'थोडक्यांत' पुढें त्यानें आणखी पन्नास रिंगा फेकल्या होत्या.

शिक्षकांच्या खोलींत ह्या प्रकरणाचा खल झाला. एका सहकाऱ्यांचें म्हणणें पडलें कीं, मुलाच्या पालकांस बोलावून सर्व वर्गासमक्ष त्याची कानउघाडणी करावी. दुसऱ्या बाईंचें मत असें कीं, जत्रेंतील खेळांच्या दुकानांवर शाळेच्या विद्यार्थ्यानें पाऊल टाकूं नये, अशी सूचनाच फलकावर लावावी. दोघांचीहि कळकळ खरी होती. मुलानें परक्याच्या पैशास हात लावला हा दोष उघड होता, आणि ते पैसे त्यानें स्वतःच्या श्रमानें भरून द्यावे, ह्याविषयीं माझ्याहि मनांत शंका नव्हती. परंतु बंदीच्या सूचनेस मीं विरोध केला. बंदीनें मूल दुकानापासून दूर राहतें, तें शिक्षक पाहत असतील तोंपर्यंतच. पुढें तें मोठें होतें, शहरांत जातें, त्याच्या खिशांत स्वतःचा पगार येतो, आणि जत्रेंतील रिंगेहून कितीतरी मोठी आमिषें त्याच्यासमोर मांडलीं जातात. त्या वेळीं फलकावरील सूचना कामास येत नाहीं. स्वतः मोजण्याची संवय असेल तर तीच कामास येते. म्हणून माझें मत असें कीं, मुलांस जत्रेंत जाऊं द्यावें, खेळूंहि द्यावें. पण त्या खेळांत यश कशानें मिळतें व कशानें मिळत नाहीं, हें आधीं नीट शिकवावें.

हें मत नुसतें बोलून दाखविण्यापेक्षां करून पाहावें, म्हणून मुख्याध्यापकांच्या संमतीनें दुसऱ्याच दिवशीं शाळा सुटल्यावर मीं आठ मुलें व तो मुलगा ह्यांस घेऊन जत्रेंत गेलों. बरोबर मोजपट्टी, दोरा व एक वही घेतली होती. दुकानदारास नमस्कार करून मीं म्हटलें, "दादा, मुलांना जरा मोजमाप शिकवायचें आहे. चालेल का?" तो हसून म्हणाला, "मोजा कीं सर, आपण कुठं काय लपवलंय!"

मुलांनीं रिंगेचा आंतील व्यास मोजला. तो अकरा सेंटिमीटर भरला. मग ठोकळ्याची बाजू मोजली. ती आठ सेंटिमीटर. "तीन सेंटिमीटर मोकळे आहेत, सर, मग रिंग बसायला हरकत नाहीं," असें एक मुलगी म्हणाली. तेव्हां मीं तिला ठोकळा कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत मोजण्यास सांगितलें. आठ सेंटिमीटर बाजूच्या चौरसाचा कर्ण अकरा सेंटिमीटरांहून तीन मिलिमीटर अधिक असतो. गोल रिंगेंतून चौकोनी ठोकळा जावयाचा, तर रिंगेचा व्यास ठोकळ्याच्या कर्णाहून मोठा हवा. बाजूहून मोठा असून भागत नाहीं. मुलीनें दोनदां मोजलें आणि मग त्या मुलाकडे पाहिलें. मीं दुकानदारास विनंति केली कीं, त्यानें स्वतःच्या हातानें रिंग ठोकळ्यावर बसवून दाखवावी. त्यानें प्रयत्न केला. रिंग चारहि कोपऱ्यांवर टेकली व तेथेंच राहिली. पंचावन्न रिंगा ज्या घड्याळासाठीं फेकल्या गेल्या, तें घड्याळ पंचावन्न हजार रिंगांनींहि मिळालें नसतें.

त्या दुकानदाराची हकीकत शेवटीं सांगेन. आधीं ह्या एका प्रसंगापासून निघणारा पहिला धडा नोंदवितों. जिंकण्याची पहिली युक्ति हातांत नसून डोळ्यांत आहे. खेळण्यापूर्वीं विचारावें, "एकदां हातानें बसवून दाखवा." प्रामाणिक दुकानदार तें आनंदानें दाखवितो, कारण त्यामुळें त्याचें गिऱ्हाईक वाढतें. जो दाखवीत नाहीं, त्याच्या दुकानावरून पुढें जावें.

रिंग बसणें शक्य आहे अशी खात्री झाल्यावर फेकण्याची रीति पाहूं. पुष्कळ मुलें रिंग उभी धरून, चक्तीसारखी, जोरानें फेकतात. रिंग जितकी तिरपी पडेल तितकें तिचें तोंड अरुंद होतें. आडव्या पातळीशीं साठ अंशांचा कोन करून ती खालीं आली, तर अकरा सेंटिमीटरांच्या रिंगेची रुंदी एका दिशेनें साडेपांचच उरते. म्हणून रिंग सपाट धरावी, मनगटाला हलका झटका देऊन तिला फिरती ठेवावी आणि थोडी उंच उचलून हळुवार टाकावी. फिरता भोंवरा जसा आपला आंस सोडीत नाहीं, तशी फिरती रिंगहि आपली पातळी सहसा सोडीत नाहीं. जोर मात्र टाळावा. टणक रिंग कांचेच्या बाटलीवर किंवा लांकडावर आपटली कीं उसळून बाहेर जाते, आणि जितका वेग अधिक तितकी उसळी अधिक.

हीं दुकानें आपल्याकडील जत्रांपुरतींच आहेत असें कोणी समजूं नये. वांद्र्याच्या मोतमाउलीच्या जत्रेंत ज्यांनीं तीं पाहिलीं, त्यांस अमेरिकेंतील जत्रांतहि तीं ओळखीचीं वाटतील. १८९३ सालीं शिकागो येथें भरलेल्या जागतिक प्रदर्शनांत 'मिडवे प्लेझन्स' नांवाच्या लांब पट्ट्यांत करमणुकीचे तंबू उभारले होते. जॉर्ज फेरिस ह्या एंजिनियरानें रचलेला २६४ फूट उंचीचा आकाशपाळणा तेथेंच प्रथम फिरला, आणि त्या जागेवरून अमेरिकेंत जत्रेंतील खेळांच्या गल्लीस 'मिडवे' हेंच नांव पडलें. पुढें न्यूयॉर्कच्या कोनी आयलंड किनाऱ्यावर १८९७ सालीं स्टीपलचेस पार्क व १९०३ सालीं लूना पार्क अशीं करमणुकीचीं उद्यानें निघालीं. खेळांचे प्रकार देशोदेशीं थोडे बदलतात. त्यांतील पदार्थविज्ञान बदलत नाहीं.

आपल्याकडे सहा डब्यांचा मनोरा चेंडूनें पाडण्याचा खेळ असतो. खालीं तीन, त्यावर दोन व शिखरावर एक. अमेरिकेंत त्याच जागीं दुधाच्या बाटलीच्या आकाराचे तीन नग ठेवितात. बहुतेक मुलें शिखराकडे नेम धरतात, कारण दृष्टि तेथें जाते. शिखरास चेंडू लागला तर शिखर तेवढें पडतें. उलट खालच्या ओळीच्या मध्यभागीं, बुडाजवळ, चेंडू बसला तर आधार सरकतो आणि वरचे डबे आपोआप कोसळतात. तीन बाटल्या असतील तर खालच्या दोन बाटल्यांच्या फटीवर नेम धरावा. पण येथेंहि डोळे उघडे ठेवावे. चेंडू चिंध्यांचा व हलका असतो. खालचा एखादा डबा किंवा बाटली मुद्दाम जड केलेली असूं शकते. हलका चेंडू जड वस्तूवर आदळला म्हणजे तो स्वतःच मागें फिरतो, वस्तु फारशी हलत नाहीं. तसेंच खालचा एक डबा इतरांच्या किंचित् पुढें मांडला, तर चेंडूचा बहुतेक जोर त्या एकट्यावरच खर्च होतो. म्हणून पैसे देण्यापूर्वीं डबे हातांत घेऊन पाहावे, आणि मांडणी एका रेषेंत आहे कीं नाहीं तें बाजूस उभें राहून तपासावें.

छऱ्याच्या बंदुकीनें फुगे फोडण्याचा खेळ सर्वांस ठाऊक आहे. येथें नेमबाजाचा पराभव पुष्कळदां त्याच्या हातामुळें होत नसून बंदुकीच्या नळीवरील माशीमुळें होतो. ती वाकलेली असली तर उत्तम नेमहि चुकतो. उपाय सोपा आहे. पहिला छर्रा फुग्यासाठीं न खर्चितां बंदुकीच्या परीक्षेसाठीं खर्चावा. फळीवरील एखाद्या ठिपक्यावर नेम धरून छर्रा सोडावा व तो कोठें लागला तें पाहावें. चार बोटें उजवीकडे लागला, तर पुढील नेम चार बोटें डावीकडे धरावा. मध्येंच बंदूक मात्र बदलूं नये, नाहीं तर परीक्षा पुनः करावी लागेल. फुगा निवडतांना तट्ट फुगलेला निवडावा. सैल फुग्याचें रबर ताणलेलें नसतें, म्हणून टोंचणी लागली तरी तो लवतो आणि फुटत नाहीं. अमेरिकेंत ह्याच जातीचा एक खेळ आहे. कागदावर तांबडा तारा छापलेला असतो व शंभर छऱ्यांनीं तो समूळ उडवावयाचा असतो. अननुभवी माणूस ताऱ्यावरच नेम धरतो आणि ताऱ्याच्या कांहीं चिंध्या मागें राहतात. जाणता मनुष्य ताऱ्याच्या भोंवतीं वर्तुळाकार छिद्रें पाडीत जातो, म्हणजे मधला तुकडा अख्खा सुटून पडतो.

शहरांतील करमणुकीच्या उद्यानांत बास्केटबॉल टोपलींत टाकण्याचा खेळ असतो. हा खेळ जेम्स नायस्मिथ ह्या शिक्षकानें १८९१ सालीं अमेरिकेंतील स्प्रिंगफील्ड येथें, यंग मेन्स ख्रिश्चन असोसिएशनच्या शिक्षणशाळेंत काढला. आरंभीं टांगलेली टोपली फळें वाहण्याची होती. नियमाप्रमाणें कड्याचा व्यास सुमारें पंचेचाळीस सेंटिमीटर व चेंडूचा सुमारें चोवीस. चेंडू सरळ वरून आला तर त्यास पंचेचाळीस सेंटिमीटरांची वाट मिळते. आडव्या रेषेशीं पंचेचाळीस अंशांनीं आला तर सुमारें बत्तीस, आणि तीस अंशांनीं आला तर साडेबावीसच. म्हणजे चेंडूहूनहि कमी. आडवा फेकलेला चेंडू कड्यास न शिवतां आंत जाणें तेथें अशक्य होतें. म्हणून चेंडू उंच कमानींतून टाकावा, हा नियम. करमणुकीच्या दुकानांत कडें कधीं लहान, कधीं अधिक उंच, तर कधीं समोरून गोल दिसणारें पण आंतून चपटें असतें. तें बाजूस जाऊन पाहिल्यावांचून कळत नाहीं. शाळेच्या मैदानावर दहांपैकीं आठ चेंडू टाकणारा मुलगा तेथें चार टाकील, आणि दोष आपल्या हाताचा समजून आणखी पैसे काढील.

नाणें फेकण्याच्या खेळाचें गणित तर दोनशें वर्षांहून जुनें आहे. चौकटी आंखलेल्या फळीवर नाणें फेकावयाचें. रेषेस न लागतां तें एका घरांत पडलें तर बक्षीस. फरसबंदीवर खेळल्या जाणाऱ्या अशाच एका खेळाचा विचार ब्यूफाँ ह्या फ्रेंच पंडितानें १७३३ सालीं पॅरिसच्या विज्ञानपरिषदेपुढें मांडला होता. समजा, घराची बाजू चार सेंटिमीटर व नाण्याचा व्यास अडीच. नाणें रेषेस लागूं नये, तर त्याचा मध्य घराच्या आंतील दीड सेंटिमीटर बाजूच्या लहान चौरसांतच पडावयास हवा. मोठ्या चौरसाचें क्षेत्र सोळा, लहानाचें सव्वादोन. म्हणजे शंभर वेळां फेकलें असतां सुमारें चौदा वेळां यश. घर अर्धा सेंटिमीटर मोठें असतें तर हाच आंकडा जवळजवळ वीस झाला असता. पाहणाऱ्याच्या डोळ्यांस अर्धा सेंटिमीटर दिसत नाहीं. दुकानदाराच्या गल्ल्यास मात्र तो दिसतो.

आतांपर्यंत सांगितलेल्या खेळांत कौशल्यास थोडा तरी वाव आहे. परंतु त्यांच्याच शेजारीं कधीं कधीं चक्र फिरविण्याचे किंवा चित्रांचे फासे टाकण्याचे खेळ मांडलेले असतात. तेथें नेम, सराव, निरीक्षण ह्यांपैकीं कशाचाहि उपयोग नाहीं, आणि हें मुलांस स्वच्छ सांगितलें पाहिजे. सहा चित्रांचे तीन फासे घेऊं. एका चित्रावर पैसे लावले तर २१६ प्रकारांपैकीं १२५ प्रकारांत तें चित्र मुळींच येत नाहीं. ७५ प्रकारांत एकदां, १५ प्रकारांत दोनदां व एकाच प्रकारांत तिन्ही फाशांवर येतें. एकास एक, दोनास दोन, तिनास तीन पट असें बक्षीस ठरलें, तर २१६ रुपये लावणारा सरासरीनें १७ रुपये गमावतो. फासे अगदीं खरे असूनहि हा तोटा होतो. ह्या गणिताचा उगम जुगाऱ्याच्याच एका प्रश्नांत झाला, ही मौजेची गोष्ट आहे. १६५४ सालीं पास्काल व फर्मा ह्या दोघां फ्रेंच गणितज्ञांनीं तो प्रश्न पत्रांतून सोडविला, आणि त्यांतून संभाव्यतेचें शास्त्र निघालें. आपल्या १८८७ च्या मुंबई जुगार प्रतिबंधक कायद्यानेंहि केवळ कौशल्याच्या खेळास जुगारांतून वगळलें आहे, आणि १९५७ सालीं बक्षीस-स्पर्धांविषयींच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें कौशल्य व दैव हाच भेद मान्य केला. जो भेद न्यायाधीश करतात, तो नववीच्या विद्यार्थ्यासहि करतां आला पाहिजे. माझा सल्ला असा कीं, कौशल्याच्या खेळावर चार पैसे खर्चावे. दैवाच्या खेळासमोर उभेंहि राहूं नये.

आतां किंमतीचा विचार. दुकानावर 'वीस रुपयांस पांच' अशी पाटी असते. पण ती रिंगेची किंमत झाली, बक्षिसाची नव्हे. बक्षिसाची किंमत पाटीवर लिहिलेली नसते. ती आपण काढावयाची. दहा मिनिटें बाजूस उभें राहावें व इतरांच्या रिंगा मोजाव्या. समजा, शंभर रिंगांपैकीं चार बसल्या. चार रुपयांस एक रिंग, म्हणजे चारशें रुपयांत चार बक्षिसें; एक बक्षीस शंभर रुपयांस पडलें. तोच कांचेचा पेला बाजारांत तीस रुपयांस मिळत असेल, तर आपण काय करीत आहों हें कळतें. वर सांगितलेल्या युक्त्यांनीं तुमचें यश दुप्पट झालें, तरी पेला पन्नासास पडेल. बाजारभावाशीं बरोबरी करावयाची, तर तुम्हांस इतरांच्या तिप्पटीहून अधिक कुशल व्हावें लागेल. म्हणून युक्त्यांचा उपयोग कमाईसाठीं नाहीं. त्यांनीं खेळ अधिक रंगतदार होतो व तोटा कमी होतो, इतकेंच.

ह्याचा अर्थ दुकानदार लबाड असतो असा मुळींच नाहीं. जागेचें भाडें, विजेचा खर्च, गांवोगांवची वाहतूक, बक्षिसांची खरेदी आणि घरच्या माणसांचें पोट, हें सर्व त्या फरकांतून निघावयाचें असतें. वीस रुपयांत मित्रांसह पांच मिनिटें मनमुराद हसतां आलें, तर तो सौदा वाईट नाहीं. मीहि तो दरवर्षीं करितों आणि बहुधा हरतों. वाईट आहे तें 'थोडक्यांत गेली' ह्या शब्दांचें मोहजाल. रिंग कांठावर अडकली म्हणजे आपण यशाच्या जवळ आलों असें मनास वाटतें, आणि 'आतां पुढची आपलीच' असें आपण म्हणूं लागतों. पण पुढच्या रिंगेस मागच्या रिंगेची आठवण नसते. फेकण्यांत सुधारणा झाली असेल तरच संभव वाढतो. नुसते पैसे गेले म्हणून वाढत नाहीं. ह्यासाठीं रक्कम आधीं ठरवावी, तेवढीच एका खिशांत वेगळी ठेवावी, आणि ती संपतांच, हातीं बक्षीस असो वा नसो, पाय घराकडे वळवावे. परक्याचे पैसे जवळ असतील तर त्या दिवशीं खेळूंच नये. हा शेवटचा नियम त्या मुलानें स्वतः वहींत लिहिला; मीं सांगितला नव्हता.

आतां त्या दुकानदाराकडे वळतों. रिंग ठोकळ्यावर बसत नाहीं असें स्वतःच्या हातानें अनुभवल्यावर तो बराच वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "सर, जुन्या रिंगा मोठ्या होत्या. तुटल्या म्हणून ह्या आणल्या. ठोकळा तोच राहिला. मी कधी मोजलंच नाही." तें खरें होतें कीं नव्हतें, हें मला सांगतां येणार नाहीं. पण त्यानें घड्याळ ठोकळ्यावरून काढून आंत ठेविलें, आणि गल्ल्यांतून शंभराची नोट काढून मुलाच्या हातावर ठेविली. "बाकीच्यांतलं माझंही खर्च झालं रे बाळा," एवढेंच तो बोलला. दुसऱ्या दिवशीं आमच्यांतील एक मुलगा तेथून आला व म्हणाला कीं, दादांनीं ठोकळ्याचे चारहि कोपरे करवतीनें कापले आहेत आणि घड्याळ पुनः मांडलें आहे. उरलेले शंभर रुपये त्या मुलाच्या वडिलांनीं भरले. त्याच्या मोबदल्यांत त्यानें सहा शनिवार त्यांच्या शिलाईच्या दुकानांत काजें-बटणें केलीं. सहल ठरल्याप्रमाणें झाली, आणि वर्गणीचा हिशेबहि अखेरपर्यंत त्याच्याचकडे राहिला. ह्या शेवटच्या गोष्टीस कांहीं सहकाऱ्यांची संमति नव्हती. मला मात्र असें वाटलें कीं, ज्यानें आपण होऊन चूक सांगितली, त्याच्या हातून हिशेब काढून घेणें म्हणजे पुढच्या मुलास गप्प राहण्यास शिकविणें होय.

परंतु एक विचार मला अद्याप सोडीत नाहीं. आमच्या मुलास शंभर रुपये परत मिळाले, कारण त्याच्यामागें मोजपट्टी घेऊन एक शिक्षक व आठ सोबती गेले. पण त्या दोन दिवसांत त्याच घड्याळावर आणखी किती मुलांनीं रिंगा फेकल्या असतील? त्यांत ऊंसतोडणीच्या तळावरून आलेलीं मुलें असतील, वीटभट्टीवरचीं असतील. आईनें जत्रेसाठीं दिलेले दहा-वीस रुपये त्यांनीं त्या ठोकळ्यावर ठेविले असतील आणि आपल्याच हातास दोष देत तीं घरीं गेलीं असतील. त्यांच्या वतीनें कोणीहि कर्ण मोजला नाहीं. जोंपर्यंत मोजण्याची विद्या आम्ही परीक्षेच्या उत्तरपत्रिकेंतच ठेवूं, तोंपर्यंत असेंच चालणार.

म्हणून माझें शिक्षकबंधूंस व भगिनींस आग्रहाचें सांगणें आहे कीं, जत्रा जवळ आली म्हणजे सूचनाफलकावर बंदी लावण्यापूर्वीं गणिताचा एक तास ह्या विषयास द्यावा. आणि विद्यार्थिमित्रांनो, तुम्हीहि जत्रेंत अवश्य जा. आकाशपाळण्यांत बसा, रेवड्या खा, एखादा डाव रिंगेचाहि खेळा. मात्र खेळण्यापूर्वीं दुकानदारास नम्रपणें म्हणा, "दादा, एकदां बसवून दाखवा." आणि शेजारीं एखादें लहान मूल हातांत नाणीं घट्ट धरून उभें असेल, तर त्याला ऐकूं जाईल इतक्या मोठ्यानें म्हणा.